बडतर्फ आणि बहाल

मराठीच्या रोजच्या बोलण्यात मुरलेले दोन शब्द आहेत, बडतर्फ आणि बहाल. दोन्ही फारसीतून आलेले. ‘बर-तरफ’ म्हणजे बाजूला, कडेला. माणसाला कामावरून उचलून कडेला ठेवले की तो बडतर्फ झाला. ‘ब-हाल’ म्हणजे होता त्या स्थितीत. काढलेल्या माणसाला पुन्हा त्याच्या जागी बसवले की तो बहाल झाला. शब्दाचा अर्थ असा सरळ आहे. पण बहाल झालेला माणूस खरोखरच होता त्या स्थितीत येतो का? मधली दोन, चार, दहा वर्षे तो घरी बसला, त्या वर्षांचे काय? त्यांचा पगार मिळतो का? आणि म्हातारपणी निवृत्तिवेतन ठरवताना ती वर्षे मोजायची की गाळायची?

वाचकहो, हा प्रश्न कचेरीतल्या कारकुनापुरता आहे असे समजू नका. गावातला शिक्षक, ग्रामसेवक, तलाठी, पोलीस, यांतल्या कोणावर तो कधी येईल हे सांगता येत नाही. आणि त्याला इतिहास आहे. तो आपल्या मराठवाड्याच्या मातीतून, आणि शक्य तितका वेरूळच्या आसपास राहून, पाहू या.

इतिहास शिकवणारा माणूस वेरूळचे नाव घेऊन बोलू लागला की लोकांना कैलास लेण्याची अपेक्षा असते. कैलास आठव्या शतकातला, राष्ट्रकूट राजा पहिला कृष्ण याच्या काळातला. बडोद्यास सापडलेल्या एका राष्ट्रकूट ताम्रपटात या देवळाचे वर्णन आहे, आणि ते घडवणारा शिल्पी स्वतःच आपले काम पाहून थक्क झाला, असे त्यात म्हटले आहे. त्या शिल्प्याचे नाव मात्र ताम्रपटाने दिलेले नाही. ज्याचे नावच राहिले नाही त्याच्या चाकरीचा हिशेब कुठून मिळणार? आपल्याला हिशेब मिळतो तो याच गावच्या दुसऱ्या एका घराण्याचा.

वेरूळची पाटिलकी भोसल्यांकडे होती. बाबाजी भोसले, त्यांचे मुलगे मालोजी व विठोजी, आणि मालोजींचे पुत्र शहाजीराजे. मालोजीराजांची गढी आजही वेरुळात दाखवतात. पाटिलकी ही आजच्या अर्थाने नोकरी नव्हे, ते वतन. काम बापाकडून मुलाकडे जाई आणि त्याबरोबर जमीन, मान, गावचे हक्कही जात. तिथे निवृत्ती नाही, म्हणून निवृत्तिवेतनही नाही. पण वतनावर वाद उठला, किंवा सरकारची मर्जी फिरली, की वतन ‘अमानत’ होई, म्हणजे सरकार ते आपल्या ताब्यात घेई. निकाल वतनदाराच्या बाजूने लागला तर ते पुन्हा त्याच्या ‘दुमाला’ होई. या दोन शब्दांच्या मधला काळ म्हणजे त्या वेळचा चाकरीतला खंड.

त्या काळचा न्याय कसा चाले ते पाहण्यासारखे आहे. वाद हरला त्याने सरकारात ‘गुन्हेगारी’ भरायची हे समजण्यासारखे आहे. पण जो जिंकला त्यानेही पैसे भरायचे! त्या रकमेला ‘हरकी’ म्हणत, हर्षाबद्दलची भेट म्हणा. म्हणजे स्वतःचे वतन स्वतःला परत मिळाले याचा आनंद झाल्याबद्दल सरकारला देणे. ऐकून हसू येते खरे. पण आजही वर्षानुवर्षे खटला लढून जिंकलेल्या माणसाला वकिलाची फी, येण्याजाण्याचा खर्च आणि अंगावर चढलेले कर्ज यांची बेरीज करायला सांगा, म्हणजे हरकी अजून गेलेली नाही हे कळेल.

वतनाहून वेगळी ती दरबारची चाकरी, मनसब आणि जहागीर. तिचे उदाहरण खुद्द शहाजीराजांचे. निजामशाहीची चाकरी सोडून ते १६३० मध्ये मोगलांकडे गेले. पण त्यांच्याकडचे महाल मोगलांनी फत्तेखानाला दिले, तेव्हा १६३२ मध्ये त्यांनी मोगलांनाही सोडले. निजामशाही संपल्यावर १६३६ पासून ते आदिलशहाच्या चाकरीत राहिले. १६४८ मध्ये कर्नाटकात जिंजीच्या वेढ्याच्या वेळी त्यांना कैद झाली आणि १६४९ मध्ये सुटका झाली. सुटकेची किंमत म्हणून कोंढाणा किल्ला द्यावा लागला. त्यानंतर राजे पुन्हा कर्नाटकच्या कामगिरीवर गेले. आजच्या भाषेत हे निलंबन आणि पुनःस्थापना. पण शहाला कोणी विचारले असते का, की या कैदेतल्या महिन्यांचे वेतन द्या? तसे विचारण्याची जागाच त्या व्यवस्थेत नव्हती. चाकरी मर्जीने मिळाली, मर्जीने गेली, मर्जीनेच परत आली. मधल्या काळाला कोणी वाली नव्हता.

मराठी राज्यात एक सोय मात्र होती, ती सांगायलाच हवी. लढाईत पडलेल्या शिपायाच्या मुलाबाळांना पोटगीदाखल ‘बालपरवेशी’ दिली जाई. आजच्या कुटुंब निवृत्तिवेतनाचा तो पूर्वज म्हणायला हरकत नाही.

इंग्रजांनी पगारी नोकरशाही आणि तिच्याबरोबर पेन्शन आणली. परंतु पेन्शनही मूळ धरून होती ती मर्जीतच. दुसऱ्या बाजीरावाला १८१८ मध्ये सालीना आठ लाखांची नेमणूक झाली. ती राजकीय पेन्शन, नोकरीची नव्हे. पण १८५१ मध्ये तो वारला आणि दत्तक पुत्र नानासाहेबाला ती नाकारण्यात आली, यावरून देणाऱ्याचे मन कसे होते ते दिसते. पुढे १८७१ मध्ये पेन्शनचा कायदा झाला. सरकारने दिलेल्या पेन्शनीबद्दल दिवाणी न्यायालयात सरळ दावा लावण्याचा मार्ग त्या कायद्याने बंद केला. तक्रार करायची ती सरकारी अधिकाऱ्यापुढेच.

याच मुलखात लोकांनी नोकऱ्या आपणहून सोडल्या, तो १९३० चा कायदेभंग. मुंबई इलाख्यातल्या कित्येक पाटलांनी व गावकामगारांनी राजीनामे दिले. ५ मार्च १९३१ च्या गांधी-आयर्विन करारात त्यांच्यासाठी एक कलम आले. राजीनाम्याने रिकामी झालेली जागा कायमची भरली गेली असेल तर जुन्या माणसाला ती परत मिळणार नाही; बाकीच्यांचा विचार प्रांतिक सरकारांनी उदारपणे करावा. ‘उदारपणे’ हा शब्द ध्यानी घ्या. त्यात हक्काची भाषा नव्हती, औदार्याची होती.

आता पुन्हा वेरूळकडे. आपला भाग निजामाच्या राज्यात होता. १८५३ मध्ये पहिला सालारजंग दिवाण झाला. त्याच्या आधी वसुली मक्तेदारांच्या हाती असे. १८६५ च्या जिलाबंदीने पगारी तालुकदार, तहसीलदार आले, आणि पगारी माणूस आला की त्याच्या म्हातारपणाचा प्रश्नही आला. हैदराबाद संस्थानच्या उर्दूत निवृत्तिवेतनाला ‘वजीफा-ए-हुस्न-ए-खिदमत’ म्हणत, म्हणजे चांगल्या सेवेचा वजीफा. नाव गोड आहे. पण सेवा चांगली होती की नाही हे ठरवणार कोण? ठरवणारा वरचा आणि सर्वांत वरचा फर्मान काढणारा. लेण्यांच्या देखरेखीसाठी १९१४ मध्ये संस्थानाने पुराणवस्तू खाते काढले. गुलाम यझदानी हे त्याचे पहिले संचालक. वेरूळ-अजिंठ्यावर राबणारा माणूस या खात्याचा चाकर झाला.

सप्टेंबर १९४८ मध्ये पोलीस कारवाई झाली आणि हैदराबाद भारतात आले. लष्करी प्रशासनात जुन्या सेवेतले काही अधिकारी दूर झाले, शेजारच्या प्रांतांतून नवे आणले गेले. १९५१ च्या कायद्याने वेरूळची लेणी राष्ट्रीय महत्त्वाची ठरली आणि केंद्राच्या पुरातत्त्व खात्याकडे आली. १ नोव्हेंबर १९५६ रोजी मराठवाड्याचे पाच जिल्हे मुंबई राज्यात गेले आणि १ मे १९६० रोजी महाराष्ट्रात. विचार करा, १९४० च्या सुमारास नोकरीला लागलेल्या मराठवाड्यातल्या शिक्षकाने किंवा कारकुनाने खुर्ची न हलवता किती मालक पाहिले!

हा बदल कागदावर किती अवघड होता, ते आजच्या तरुणांना सांगावे लागते. जुने दप्तर उर्दूत. तारखा फसली सनात, आजूर, दै, बहमन अशा महिन्यांच्या. फसली सनात ५९० मिळवले की ढोबळ मानाने इसवी सन येतो, पण हैदराबादचे फसली वर्ष ऑक्टोबरात सुरू होत असे, त्यामुळे जन्मतारीख काढताना एका वर्षाची चूक सहज होई. आणि एक वर्ष चुकले की निवृत्तीची तारीख चुकली. पगार हाली शिक्क्यात, आणि सात हाली रुपयांचे सुमारे सहा कलदार रुपये होत. सत्तर रुपये हाली म्हणजे साठ रुपये कलदार. भाषा, पंचांग आणि नाणे ही तिन्ही एका पिढीच्या आत बदलली. अशा वेळी ‘माझी जुनी वर्षे मोजा’ म्हणणाऱ्या माणसाला आधार लागतो. तो राज्य पुनर्रचना कायद्याच्या ११५ व्या कलमाने दिला. एका राज्यातून दुसऱ्यात गेलेल्या नोकराच्या सेवाशर्ती केंद्र सरकारच्या पूर्वसंमतीवाचून त्याचे नुकसान होईल अशा बदलता येणार नाहीत, असे त्यात स्पष्ट लिहिले होते. मर्जीच्या जागी लेखी हमी येऊ लागली ती अशी.

तरीही काढलेल्या माणसाच्या मधल्या वर्षांचा प्रश्न सुटला नव्हता. तो सुटला न्यायालयांत, हळूहळू. स्वातंत्र्याच्या आगेमागे, १९४८ मध्ये, लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलपुढे एका सनदी अधिकाऱ्याचे प्रकरण आले. कौन्सिलने त्याची बडतर्फी बेकायदा ठरवली. पण मधल्या काळचा पगार? तो मागता येणार नाही, कारण पगार ही राजाची कृपा, असा निर्णय झाला. म्हणजे नोकरी गेलीच नव्हती असे म्हणायचे, आणि नोकरीचा पैसा मात्र द्यायचा नाही. मला तरी हा न्याय अजब वाटतो. १९५४ मध्ये आपल्या सर्वोच्च न्यायालयाने तो बाजूला सारला. बिहारमधल्या एका पोलीस सब-इन्स्पेक्टरला १९४० मध्ये काढले होते व पुढे परत घेतले होते. त्याने मधल्या काळचा पगार मागितला. न्यायालय म्हणाले, सरकारी नोकराला थकलेल्या पगाराचा दावा लावता येतो. राजाच्या कृपेची इंग्रजी कल्पना इथे लागू नाही.

आपल्या राज्यघटनेत ‘मर्जी’ अजून आहे बरं का. ३१० व्या अनुच्छेदाप्रमाणे सरकारी नोकर राष्ट्रपतींची किंवा राज्यपालांची मर्जी असेपर्यंतच पद धारण करतो. पण लगेच पुढचा ३११ वा अनुच्छेद त्या मर्जीला दावे बांधतो. नेमणूक करणाऱ्याहून खालच्या अधिकाऱ्याने काढता येत नाही, आणि काही अपवाद सोडले तर चौकशी करून म्हणणे ऐकल्यावाचूनही काढता येत नाही.

परत घेतल्यावर मधला काळ कसा धरायचा, याचा जुना नियम १९२२ पासूनच्या मूलभूत नियमांतला ५४ वा. माणूस पूर्ण निर्दोष ठरला तर पूर्ण पगार आणि तो काळ कामावरचा काळ. नाहीतर साहेब ठरवील तेवढा पगार, आणि साहेबाने तसे खास म्हटले तरच तो काळ कामावरचा. १९६७ मध्ये मध्य प्रदेशच्या बांधकाम खात्यातल्या एका कर्मचाऱ्याच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने एक महत्त्वाची गोष्ट सांगितली. हा मधला काळ कसा धरायचा हे ठरवतानाही माणसाचे म्हणणे ऐकून घेतले पाहिजे, कारण त्यावर त्याचे पुढचे सगळे अवलंबून असते. महाराष्ट्रात यासाठी १९८१ चे नियम आहेत. त्यांच्या लांबलचक नावातच ‘निलंबन’ आणि आपला जुना ‘बडतर्फी’ हे दोन्ही शब्द आहेत.

मग १९७१ साली देवकीनंदन प्रसाद यांचा खटला आला. तेही बिहारचेच, शिक्षण खात्यातले. पाच वर्षांहून अधिक काळ गैरहजर राहिल्यामुळे तुमची नोकरीच संपली, म्हणून निवृत्तिवेतन नाही, असे सरकारने त्यांना कळवले होते. न्यायालयाने तो आदेश रद्द केला आणि म्हटले की निवृत्तिवेतन ही सरकारच्या लहरीवर मिळणारी बक्षिसी नव्हे, तो नोकराचा हक्क आहे, ती त्याची मालमत्ता आहे. पुढे १७ डिसेंबर १९८२ च्या नकारा निकालाने हेच सूत्र आणखी पक्के केले, आणि तो दिवस निवृत्तिवेतनधारक आपला दिवस म्हणून पाळतात. १८७१ ते १९७१, ‘कृपा’ हा शब्द जाऊन ‘हक्क’ हा शब्द येण्यास बरोबर शंभर वर्षे लागली.

पण हक्क मिळाला तरी हिशेब राहतोच. आणि गुरुजन हो, हा हिशेब नीट समजून घ्या. केंद्राच्या निवृत्तिवेतन नियमांप्रमाणे अपिलात परत घेतलेल्या माणसाची पूर्वीची सेवा मोजली जाते. मात्र घरी बसलेला काळ आपोआप मोजला जात नाही. तो काळ कामावरचा किंवा रजेचा म्हणून धरावा, असा स्वतंत्र आदेश लागतो. महाराष्ट्राच्या १९८२ च्या नियमांचे सूत्रही तेच. जुन्या पद्धतीत पूर्ण निवृत्तिवेतनाला तेहेतीस वर्षांची सेवा लागे आणि किमान दहा वर्षे लागत. समजा, तेहेतीस वर्षांच्या सेवेवर एखाद्याला महिना १६५ रुपये बसत होते. त्यातली सहा वर्षे खटल्यात गेली आणि आदेशात त्यांचा उल्लेख राहिला. मग सेवा सत्तावीस वर्षांची, आणि १६५ चे झाले १३५. दरमहा तीस रुपयांचा हा खड्डा मरेपर्यंत. दुसरा समजा बारा वर्षांच्या नोकरीचा, त्यातली तीन वर्षे बाहेर. त्याची सेवा नऊ वर्षे भरली. त्याला मासिक निवृत्तिवेतन नाहीच, एकरकमी उपदान तेवढे. एका ओळीच्या आदेशावर माणसाचे म्हातारपण असे टांगलेले असते.

आता शेवटी आपल्या जिल्ह्यातलीच गोष्ट, वेरूळपासून तीसएक किलोमीटरवरची. औरंगाबाद, म्हणजे आजचे छत्रपती संभाजीनगर. तिथल्या एका अनुदानित खाजगी प्राथमिक शाळेतल्या शिक्षिकेची. शाळेची इमारत संस्थाचालकांच्याच घरातल्या माणसाची होती. महापालिकेने २००५ मध्ये ती व्यापारी धरून ७९,९७४ रुपयांचे कराचे बिल काढले. शाळेकडून कर्मचाऱ्यांना सांगण्यात आले की प्रत्येकाने दरमहा दीड हजार रुपये या करासाठी द्यावेत. या बाईंनी नकार दिला. त्यावर त्यांना पंचवीस ज्ञापने आली. पंचवीस! त्यांनी सगळ्यांना उत्तरे दिली. नोव्हेंबर २००६ मध्ये त्या निलंबित झाल्या. जिल्हा परिषदेच्या शिक्षणाधिकाऱ्यांनी निलंबनाला मान्यता दिली नाही, त्यांना कामावर घ्या असे संस्थेला लिहिले. संस्थेने घेतले नाही, आणि जून २००७ मध्ये त्यांना काढूनच टाकले.

खाजगी शाळांतल्या शिक्षकांसाठी महाराष्ट्राचा १९७७ चा कायदा आहे. त्याप्रमाणे काढल्याचा आदेश हाती पडल्यापासून तीस दिवसांत शाळा न्यायाधिकरणाकडे अपील करता येते, आणि न्यायाधिकरणाला कामावर परत घेण्याचा, दर्जा पूर्ववत करण्याचा व थकलेला पगार देवविण्याचा अधिकार आहे. जून २००९ मध्ये न्यायाधिकरणाने त्यांची बडतर्फी रद्द केली आणि मधल्या काळचा पूर्ण पगार द्यायला सांगितले. संस्था उच्च न्यायालयात गेली. औरंगाबाद खंडपीठाने बडतर्फी रद्दच ठेवली, पण मधला पगार मात्र काढून टाकला. काम केले नाही तर पगार कशाचा, असा हा जुना युक्तिवाद. दिसायला बिनतोड आहे. पण काम कोणामुळे केले नाही?

त्या दिल्लीला गेल्या. १२ ऑगस्ट २०१३ रोजी सर्वोच्च न्यायालयाने न्यायाधिकरणाचा आदेश कायम केला. न्यायालयाने सांगितले की बडतर्फी बेकायदा ठरली तर माणसाला होता त्या जागी ठेवणे हा नियम आहे. त्यात पूर्ण थकलेला पगार आलाच, आणि तो नाकारायचा तर तसे कारण हवे. नोकराने आपण दुसरीकडे कमावत नव्हतो एवढे म्हणावे. कमावत होता हे सिद्ध करण्याचा भार मग मालकावर. चार महिन्यांत पैसे द्या, उशीर झाला तर वर्षाला नऊ टक्के व्याज. हा निकाल आता देशभर काढलेल्या नोकरांच्या खटल्यांत दाखवला जातो. ‘ब-हाल’ या शब्दाचा मूळ अर्थ इतक्या नेमकेपणाने सांगणारा निकाल आपल्याच जिल्ह्यातल्या एका शिक्षिकेच्या खटल्यातून निघाला, याचे मला विशेष वाटते.

१ नोव्हेंबर २००५ नंतर राज्याच्या सेवेत आलेल्यांना अंशदानाची नवी योजना लागू झाली, तेव्हा त्यांचा प्रश्न थोडा निराळा होतो. तिथे मोजायची ती वर्षे नव्हेत, खात्यात भरलेली रक्कम. निलंबनात वा बडतर्फीत गेलेल्या महिन्यांचा दोन्हीकडचा हप्ता नंतर भरला गेला की नाही, आणि त्या काळात रक्कम वाढायची ती वाढली की नाही, हे पाहावे लागते. जुन्या योजनेतल्या माणसाने परत आल्यावर आपले सेवापुस्तक उघडून बघावे. पुनःस्थापनेच्या आदेशात ‘मधला काळ सर्व प्रयोजनांसाठी कर्तव्यकाळ धरावा’ अशी ओळ आहे का, आणि ती ओळ सेवापुस्तकात शाईने उतरली आहे का. उतरली नसेल तर त्याच आठवड्यात अर्ज द्यावा, आणि अर्जाच्या दुसऱ्या प्रतीवर आवक क्रमांक व तारीख घालून ती घरी ठेवावी.